काठोकाठ का भरलास?

मी, एक प्रश्न, बोलतोय. एका कादंबरीतला. आतल्या पानांत कुठंतरी दडलेला नव्हे, अगदी पहिल्या पानावरचा, पहिल्या ओळीतला, पहिला. माझ्याआधी त्या पुस्तकात कुणी तोंड उघडलेलं नाही.

दिसायला मी असा आहे:

— अगं, प्याला काठोकाठ का भरलास?

पुढं आडवी रेघ आहे ना, ती आमच्याकडची पद्धत. पुस्तकात कुणी बोलायला लागलं की आधी ती रेघ येते, मग माणूस. मागं तो आकडा आहे, तो माझा स्वभाव. प्रश्न म्हटला की थोडा आगाऊपणा आलाच. पण एक सांगून ठेवतो. आम्हा प्रश्नांना फक्त पुढचं दिसतं. ज्याच्या तोंडातून बाहेर पडलो त्याच्याकडं मान वळवून बघता येत नाही. माझ्या आयुष्यातला सगळा घोळ त्यातूनच झाला.

माझा जन्म कागदावर झाला नाही. मी आधी बोललो गेलो, लिहिला गेलो फार नंतर. ताशकंदच्या मुलखातल्या कोकंद शहरात मामाजोन यांच्या अंगणात, तुतीच्या झाडाखालच्या लाकडी चौथऱ्यावर, भर दुपारी मी जन्मलो. मामाजोन बस चालवायचे, कोकंद ते मार्गिलान. पण गल्लीत त्यांचं नाव होतं ते चहासाठी. किटलीतला पहिला चहा प्याल्यात ओतायचा आणि परत किटलीत टाकायचा, असं तीनदा. मग उजव्या हातानं प्याला पुढं करायचा, डावा हात छातीवर. आणि चहा द्यायचा तो अर्धा. कधी अर्ध्याहून कमी.

अर्धा का, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. थोडा दिला की पाहुणा पुन्हा प्याला पुढं करतो, पुन्हा ओतायला मिळतं, गप्पा लांबतात, माणूस घरात राहतो. काठोकाठ भरून दिला तर त्याचा अर्थ एकच, हा एवढा प्या आणि निघा. कोकंदात तोंडानं कुणी कुणाला जा म्हणत नाही. किटली म्हणते.

त्या दुपारी मामाजोन यांचा जिवाभावाचा दोस्त सोदिक बायकोला घेऊन आला होता. सोदिक त्याच डेपोत बस चालवायचा. आपल्या मुलासाठी त्यानं मामाजोन यांच्या मुलीला मागणी घातली. मुलीचं नाव इनोबत. तिला ताशकंदला जाऊन औषधांचं शिक्षण घ्यायचं होतं, आणि सोदिकच्या घरात सुनेनं कॉलेजात जायची पद्धत नव्हती. पण हे बोलायचं कुणी आणि कुणाला? मोठी माणसं बोलत होती आणि तिच्या हातात फक्त किटली होती.

ती खाली बसली. बाबांचा प्याला अर्धा भरला. आईचा अर्धा. सोदिकच्या बायकोचा अर्धा. मग सोदिकचा प्याला घेतला आणि ती ओततच राहिली. कपाशीच्या बोंडांची नक्षी असलेला तो निळा प्याला भरत भरत कडेला आला, कडेच्या वर जरासा फुगला, तरी सांडला नाही. सोदिकच्या बायकोचा हात हलव्यावर होता तो तिथंच राहिला. आई दुपट्ट्याच्या टोकाशी चाळा करायला लागली.

आणि तेव्हा मामाजोन यांच्या तोंडातून मी बाहेर पडलो.

मला समोर काय दिसलं तेवढं सांगतो. इनोबत दिसली. ती किटलीकडं बघत होती. तिनं वर पाहिलंच नाही आणि उत्तरही दिलं नाही. सोदिकनं तो गरम चहा एका दमात संपवला, तोंडावरून हात फिरवून दुवा केली, आणि बायकोला घेऊन निघून गेला. पुन्हा त्या अंगणात त्यानं पाऊल टाकलं नाही.

पुढं मामाजोन यांनी मुलीला ताशकंदला जायला अडवलं नाही. उलट तिची पेटी स्वतः बसच्या टपावर चढवली. रागावले नाहीत, बोलले नाहीत, सुनावलं नाही. फक्त एक झालं. त्या दिवसापासून त्यांनी लेकीच्या हातचा चहा घेतला नाही.

तुम्हाला ही गोष्ट किरकोळ वाटेल. आमच्याकडं ती किरकोळ नाही. इनोबत शिकून परत आली, औषधाच्या दुकानात बसायला लागली, लग्न केलं, तेही स्वतःच्या पसंतीनं. आई गेल्यावर तिनं बाबांना आपल्या घरी आणलं. नवरा रेल्वेत, महिन्यातले बरेच दिवस गाडीवर, म्हणून घरात ही दोघंच. तिनं केलेला पुलाव मामाजोन मिटक्या मारत खायचे. तिनं आणलेला नान मोडून आधी तिलाच द्यायचे. पण तिनं किटलीला हात लावला की, "राहू दे, राहू दे, मी घेतो," म्हणत स्वतः ओतून घ्यायचे. रोज सकाळी हेच. केस पांढरे झाले तरी हेच.

आणि मी? बोललेला प्रश्न जातो कुठं? मी त्या दोघांच्या मधे पडून होतो. जेवणाचा पांढरा दस्तरखान पसरला की नानच्या शेजारी मीही असायचोच. मला ओलांडून ती दोघं मिठाची वाटी घ्यायची.

पन्नाशीला आल्यावर इनोबत कादंबरी लिहायला लागली. दुकानात खोकल्याच्या औषधाचं गिऱ्हाईक गेलं आणि पोटदुखीचं यायचं होतं, अशा मधल्या वेळात. तिचं लिखाण पहिल्यांदा वाचलं ते हुर्मतनं. हुर्मत म्हणजे शेजारची शिंपीण. आवाज असा, की तिनं अंगणात कुजबुज केली तर नाक्यावरचा नानवाला मान डोलावतो.

"इनोबत," हुर्मत पानं खाली ठेवत म्हणाली, "तुझे डोंगर कधी संपणार गं?"

"का? चांगले नाहीत?"

"चांगलेत ना. डोंगर चांगलेत, त्याच्यावरचा बर्फ चांगलाय, पान उलटलं तर कालवा, तोही चांगलाय. मग तुतीचं झाड, त्याची पानं, पानावरचे किडे. अगं, माणसं कुठं गेली? सगळी कापूस वेचायला गेली का?"

"येतात की पुढं."

"आली तेव्हा मला डुलकी लागली होती. हे बघ, इथं कुठंतरी एकानं तोंड उघडलं आणि मी खाडकन जागी झाले. हे. प्याला काठोकाठ का भरलास. मेल्ये, हे कुणाला गं? कुणी भरला? पाहुणा कोण होता? हे एवढं आत का पुरून ठेवलंयस?"

इनोबतनं पानं गोळा करून ठेवून दिली. पण दुसऱ्या दिवशी तिनं मला उचललं आणि डोंगरांच्याही आधी, पहिल्या ओळीत आणून उभं केलं.

खरं सांगतो, मी घाबरलो. आत होतो तेव्हा माझ्या आजूबाजूला वर्णनांची ऊब होती. वाचक माझ्यापर्यंत पोचायचा तेव्हा त्याला घर माहीत असायचं, माणसं माहीत असायची. इथं पहिल्या ओळीत ना ओळख ना पाळख. दार उघडलं की अनोळखी माणसाच्या तोंडावर मी. पण गंमतही वाटली. मोठेपणा कुणाला नको असतो?

हा मोठेपणा फार दिवस टिकेल असं दिसेना. पुस्तक ताशकंदच्या एका प्रकाशनाकडं गेलं. तिथला संपादक शुहरत, वयानं इनोबतच्या मुलासारखा, तिला अदबीनं ओपा म्हणजे ताई म्हणायचा आणि त्याच अदबीनं कात्री चालवायचा.

"ओपा, बाकी सगळं छान आहे," त्यानं फोनवर सांगितलं, "फक्त ही पहिली ओळ. हे कोण बोलतंय?"

"बाबा."

"हां. पण कसे बोलतात? ओरडून? दात ओठ खाऊन? सुरुवातच बोलण्यानं करायची तर आवाज ऐकू यायला नको का? वाचकाला अजून माणूस दिसलेला नाही. पुढं दोन शब्द टाका. बाबा असे असे म्हणाले."

इथून माझे हाल सुरू झाले. इनोबतनं लिहिलं, ‘बाबा ओरडले’. संध्याकाळी खोडलं. ‘बाबा थंडपणे म्हणाले’. खोडलं. ‘बाबा दुखावल्या आवाजात म्हणाले’. ते दोन दिवस राहिलं आणि मग खोडलं. लग्नाच्या खरेदीत टोप्या घालून बघतात तसा मी रोज नवी टोपी घालून बसायचो, आणि ती लांबून बघून म्हणायची, नाही, ही नव्हे.

शुहरतनं पुन्हा फोन केला. "ओपा, एवढं काय अवघड आहे? तुम्ही होता ना तिथं?"

"होते."

"मग?"

"मी किटलीकडं बघत होते."

"मग बाबांना विचारा. आहेत ना ते?"

"शुहरत," इनोबत म्हणाली, "बाबांना विचारता आलं असतं तर मी कादंबरी कशाला लिहिली असती?"

तिकडून कागद चाळल्याचा आवाज आला. मग तो म्हणाला, "ठीक आहे. नवरोझपर्यंत सांगा. नाहीतर मी आपला डोंगरापासून सुरू करतो."

म्हणजे माझी जागा धोक्यात. पण खरं सांगायचं तर मला माझ्या जागेपेक्षा तिचीच काळजी वाटायची. रोज सकाळी ती बाबांच्या समोर बसायची, बाबा स्वतः चहा ओतून घ्यायचे, आणि ती त्यांच्या तोंडाकडं बघत राहायची. विचारू का, नको. त्या दिवशी तुम्ही किती रागावला होता? अजून रागावलाय? एवढंच तिला हवं होतं. मला ते ठाऊक असतं तर मीच सांगून टाकलं असतं. पण मी आधीच सांगितलंय, मला मागं बघता येत नाही. त्यांच्या मिशा थरथरल्या एवढं मला बाहेर पडताना जाणवलं होतं. मिशा रागानंही थरथरतात आणि कशानंही.

मग ‘गप’चा दिवस आला. आमच्या बायकांची दर महिन्याला एकीच्या घरी बैठक असते, तिला गप म्हणतात. नाव गप असलं तरी तिथं गप्प कुणी बसत नाही. त्या महिन्यात पाळी इनोबतची होती. मामाजोन यांना सकाळीच चहाखान्यात पाठवून दिलं. बायका आल्या. दारातच सलाम सुरू झाले. बऱ्या आहात ना, तब्येत कशी, मुलं कशी, सुना कशा, जावयाला काम मिळालं का, गाईचा खूर बरा झाला का, पुन्हा एकदा तुम्ही बऱ्या आहात ना. एकीचं संपलं की दुसरीचं. सामोसे गार झाले तेव्हा कुठं सगळ्या बसल्या.

"आज कादंबरी वाचायची," हुर्मतनं जाहीर केलं आणि इनोबत नको नको म्हणत असताना तिच्या हातातून पानं हिसकावून घेतली. उभी राहिली. घसा साफ केला. आणि मला म्हणून दाखवलं.

काय म्हटलं म्हणून सांगू! भुवया आवळून, बोट रोखून, असा काही गडगडाट केला की कोपऱ्यातलं मांजर पळालं. मी स्वतःला ओळखलं नाही.

"या अल्ला!" एक बाई म्हणाली. "कुणाला गं भरून दिला?"

"मागणी घालायला आले असतील," दुसरी. "मी पैज लावते."

"बाप फार कडक दिसतोय बाई."

साबोहतमावशी सगळ्यांत वयस्कर. त्यांनी हात वर केला. "ते सगळं असू दे. आधी मला सांगा, सलाम कुठाय?"

"कसला सलाम, मावशी?"

"अगं, पुस्तक उघडलं आणि हा माणूस सरळ प्याल्यावर घसरला! ना सलाम, ना बरे आहात का, ना मुलंबाळं. आपल्यात असं कोण बोलतं? लोक म्हणतील कोकंदच्या माणसांना वळण नाही. आधी सलाम घाल इनोबत. चांगली दोन पानं घाल. मग त्याला काय ओरडायचं ते ओरडू दे."

"मावशीचं बरोबर आहे," तिसरी म्हणाली, आणि झालं. प्रत्येकीनं आपापला सलाम सुचवला. मी मनातल्या मनात तिसऱ्या पानावर जाऊन बसलो. पुढून सलाम ढकलतायत, मागून शुहरतचे डोंगर.

"हुर्मत, पोरी," दारातून आवाज आला, "मी काय बसस्टँडवर ओरडत होतो का?"

मामाजोन. डोक्याला नुसताच हात. टोपी घरी विसरले होते म्हणून अर्ध्या वाटेतून परत आले होते. नजर अधू झालीय त्यांची, कान मात्र तिखट.

बायकांनी दुपट्टे सावरले. हुर्मतच्या हातातली पानं खाली आली. इनोबत उठून उभी राहिली आणि तिचा चेहरा दस्तरखानासारखा पांढरा झाला. कादंबरीत काय आहे हे बाबांना माहीत नव्हतं. निदान तिला तसं वाटत होतं.

"काका, मी आपलं... ते कादंबरीतले बाबा आहेत," हुर्मत चाचरत म्हणाली. तिला चाचरताना मी पहिल्यांदाच ऐकलं.

"ते मला कळतं. पण कादंबरीतल्या बाबानं तरी असं का ओरडावं? घरात पाहुणा बसलाय, आणि हा गुरांना हाकल्यासारखा ओरडतो. माझं नाव घालवलंस तू." ते काठी टेकत आत आले आणि बायका बसल्या होत्या त्या चौथऱ्याच्या कडेला बसले. "असं नव्हतं ते. असं होतं."

आणि त्यांनी मला पुन्हा म्हटलं.

इतक्या वर्षांनी मी त्याच तोंडातून बाहेर पडत होतो. हळू. अगदी हळू, लहान मुलाला धडा म्हणायला लावताना पहिला शब्द आपणच सुचवतो ना, तसं. माझी शेपटी त्यांनी जरा वर उचलून धरली, कुणीतरी ती पकडावी म्हणून. मला अजूनही मागं बघता येत नव्हतं. पण समोर इनोबत होती, आणि या वेळी ती किटलीकडं बघत नव्हती. बाबांच्या तोंडाकडं बघत होती. त्यांच्या चेहऱ्यावर काय होतं ते मी तिच्या चेहऱ्यावर वाचलं. राग नव्हता. राग कधीच नव्हता.

"मग... मग विचारलंत कशाला?" ती म्हणाली.

"उत्तर दे म्हणून. दुसरं कशाला विचारतात?" मामाजोन म्हणाले. "हात थरथरला बाबा, एवढं म्हणायचंस. मी म्हटलं असतं, बघा, आमची पोर पाहुण्यांना बघून घाबरली. सोदिक हसला असता. तो प्याला मी उचलून स्वतः पिऊन टाकला असता. मग चार दिवसांनी त्याच्या घरी जाऊन, त्याचा मान ठेवून, नाही म्हणून आलो असतो. तुला त्या घरात द्यायची मलाही कुठं हौस होती? त्याची बायको माझ्या अंगणात बसून माझ्याच पडद्यांना नावं ठेवत होती!"

"पण मला काय माहीत!"

"तू वर बघितलंस का?"

 साबोहतमावशींनी डोळ्याला दुपट्टा लावला.

"सोदिक गेला गेल्या वर्षी," मामाजोन काठीच्या मुठीवरून अंगठा फिरवत म्हणाले. "ते तेवढं राहूनच गेलं."

 शेवटी हुर्मतच्यानं राहवलं नाही. तिचं तोंड बंद राहिलं असतं तर ही गोष्ट तिथंच संपली असती, म्हणून मी तिला तो गडगडाट माफ केलाय.

"काका, हे सगळं खरं," ती म्हणाली, "पण मग तुम्ही हिच्या हातचा चहा का घेत नाही? सगळ्या गल्लीला माहीत आहे. ती कुढते त्यावरून. आम्हाला वाटायचं तुम्ही अजून डूख धरून आहात."

मामाजोन यांनी काठी बाजूला ठेवली. इकडं तिकडं बघितलं. कोनाड्यातली टोपी दिसली, ती घेतली, डोक्यावर घालायच्या ऐवजी हातात फिरवत बसले.

"डूख कसला," ते म्हणाले. "आधी आधी जरा रुसवा होता, खोटं कशाला बोलू. मग हिची आई गेली, मी इथं आलो. आता हे घर हिचं. ही ज्याला भरून देते त्याला उठावं लागतं, हे मी डोळ्यांनी बघितलंय. चुकून एखाद दिवशी माझा भरला गेला तर? मी उठून जाऊ कुठं? त्यापेक्षा आपला आपण घेतलेला बरा."

मी तुम्हाला सांगितलं ना, गप म्हणतात पण तिथं गप्प कुणी बसत नाही. त्या दिवशी बसल्या. इनोबत आधी हसली, मग रडली, मग दोन्ही एकदमच करायला लागली. "बाबा, काय माणूस आहात तुम्ही!" एवढंच तिला म्हणता आलं. ती खाली बसली आणि किटली पुढं ओढली. नवा चहा टाकला. प्याल्यात ओतला, परत किटलीत टाकला, पुन्हा ओतला, पुन्हा टाकला, तिसऱ्यांदाही तसंच, अगदी त्यांनी शिकवलं होतं तसं. मग निळा प्याला घेतला आणि ओतला. उजवा हात पुढं, डावा छातीवर.

मामाजोन यांनी प्याला डोळ्यांजवळ नेला. तळाचं कपाशीचं बोंड नुसतं ओलं झालं होतं.

"हा चहा आहे का औषध?" ते म्हणाले. "थेंब मोजून दिलेस."

"औषधच समजा."

"आणि दिवसातून किती वेळा घ्यायचं?"

"मी देईन तेवढ्या वेळा. पुढं करा प्याला."

त्यांनी घोट घेतला आणि प्याला पुढं केला. तिनं पुन्हा तेवढासाच दिला. बायका सामोसे विसरून बघत बसल्या होत्या.

"ते सगळं झालं छान," साबोहतमावशी नाक पुसत म्हणाल्या, "पण सलामाचं काय ठरलं? पहिल्या ओळीत सलाम हवा की नको?"

"अहो बहिणाबाई," मामाजोन म्हणाले, "त्या दिवशी सोदिकचे आणि माझे सलाम तासभर चालले होते. त्याच्या म्हशीपर्यंत सगळ्यांची चौकशी झाली. सलाम संपले, चहा आला, आणि मग गोष्ट सुरू झाली. आता सलामही पोरीनंच लिहायचे का? वाचणाऱ्यानं दारातच उरकून यावं."

मावशींना ते पटलं. त्यांना पटलं म्हणजे कोकंदला पटलं.

दुसऱ्या दिवशी इनोबतनं माझ्या शेजारी तीन शब्द लिहिले: बाबांनी हळूच विचारलं. शुहरतचा लगेच फोन. "हळूच? ओपा, एवढा मोठा अपमान, पाहुणे समोर, आणि हळूच?"

"हो, हळूच."

"वाचकाला पटेल?"

"मला पटायला एवढी वर्षं लागली. त्याला घाई नसेल तर त्यालाही पटेल. लिहिलंय तसं छाप."

त्यानं छापलं. डोंगर आता दुसऱ्या पानावर आहेत, आणि तिथं ते शोभतात. शेवटच्या पानावर, सगळ्यात शेवटच्या ओळीत, माझं उत्तर आहे. तेही रेघेनंच सुरू होतं. पुस्तक मिटलं की आम्ही दोघं जवळ येतो, मधे सगळी कादंबरी.

सध्या माझं बरं चाललंय. एक प्रत औषधाच्या दुकानात खोकल्याच्या बाटल्यांशेजारी असते. गिऱ्हाईक औषधाची वाट बघताना मला वाचतं आणि विचारतं, "कुणाला भरून दिला हो?" इनोबत म्हणते, "घरी नेऊन वाचा." दुसरी प्रत घरी आहे, तिच्यावर चहाचे डाग आहेत. रोज सकाळी इनोबत बाबांना वाचून दाखवते. कादंबरी काही केल्या पुढं सरकत नाही. दहाबारा पानं झाली की मामाजोन म्हणतात, "मागचं विसरलो, पहिल्यापासून वाच." ते काही विसरत नाहीत, मला माहीत आहे. इनोबतलाही माहीत आहे. ती पहिलं पान काढते, पण वाचायचं काम तिला उरत नाही. बाबाच मला म्हणतात, हळूच, शेपटी जरा वर उचलून.

"हात थरथरला, बाबा," ती म्हणते, आणि प्याल्यात घोटभर ओतते.

वाचकहो, माझं मागणं फार नाही. पुस्तक उघडाल तेव्हा मला मोठ्यानं वाचू नका, मांजरं पळतात. आणि तुमच्या घरी कुणी तुम्हाला माझ्यासारखं काही विचारलं, तर किटलीकडं बघत बसू नका. उत्तर सावकाश दिलंत तरी चालेल. आधी वर बघा.